कुलूप का बदललं

४ मार्च

घर विकलं. म्हणजे करारावर सही केली, विसार घेतला आणि शब्द दिला. खरेदीखत मेअखेरच्या आत करायचं. तोवर मुलाची संमतीची सही आणायची, कारण कागदांवर हिचंही नाव आहे आणि तिच्यामागे तिच्या वाट्यात तोही येतो. मुलगा दूरच्या शहरात असतो. फॉर्म पोस्टाने पाठवायचा, तो सही करून परत पाठवणार, एवढंच काम.

घेणारे नवराबायको आहेत. तो फरशा बसवतो. आल्यापासून हातातला मापाचा टेप त्याने खाली ठेवला नाही, म्हणून मी मनातल्या मनात त्याचं नाव टेपवाला ठेवलं. ती लहान मुलांच्या वॉर्डात नर्स आहे, तिला मी सिस्टर म्हणतो. तिला पाचवा महिना आहे. आत्ता राहतात त्या खोलीत पाळणा ठेवला तर दार उघडणार नाही, असं ती हसत म्हणाली.

“काका, इतकी वर्षं राहिलात. जड जाईल ना?”

मी म्हटलं, गुडघे जिना चढू देत नाहीत, मुलगा कधीचा बोलावतोय, हिच्यामागे या तीन खोल्यांत मी करू काय. सगळं खरंच आहे.

मग त्यांना बसवून दाराची तिसरी किल्ली घासली, धंदाच आहे माझा. आमच्या वस्तादांचा नियम होता, ज्याला शब्द दिला त्याची किल्ली त्याच दिवशी. आणि दिली की वहीत लिहायची; नोंद नसलेली किल्ली म्हणजे चोराची किल्ली. दलाल हसायला लागला. “काका, खरेदीखताआधी किल्ली? असं जगात कोणी करत नाही.” मी म्हटलं, जगाचं दार माझ्याकडे दुरुस्तीला आलं की बघू.

किल्ल्यांच्या वहीत लिहिलं: मुख्य दार. पहिली किल्ली माझी. दुसरी हिची, खिळ्यावर. तिसरी आज घेणाऱ्यांना दिली.

ही दुसरी वही हिच्या कपाटात कोरी सापडली. चाळीस वर्षं फक्त किल्ल्या लिहिल्या. आता बघू काय काय लिहिता येतं.

९ मार्च

रविवार. अकराला बेल वाजली. आधी शेजारची वाटली, दुसऱ्यांदा वाजली तेव्हा उठलो. जानेवारीत मीटर बघणारा आला होता, त्यानंतर बेल आजच; चार तारखेला सगळ्यांना मीच खालून वर आणलं होतं.

टेपवाल्याने स्वयंपाकघर मोजलं. सिस्टर खिडकीजवळच्या हिच्या खुर्चीत बसली. मी सांगणार होतो की खुर्चीचा डावा पाय डुगडुगतो, पण तिला ते बसल्याबसल्या कळलं आणि तिने आपला पाय आपोआप तसा टेकवला, ही टेकवायची तसा. दोन तास होते. चहा दोनदा झाला.

१६ मार्च

पुन्हा आले. मी बिस्किटं आणून ठेवली होती. सिस्टर रक्तदाबाचं यंत्र घेऊन आली होती, मी मागे चक्कर येते म्हणालो होतो ते तिच्या लक्षात राहिलं. यंत्र लावायच्या आधी तिने बोटांनी नाडी बघितली, घड्याळाकडे बघत, पुरतं एक मिनिट. माझं मनगट कोणी धरून दोन वर्षं झाली असतील. रक्तदाब थोडा जास्त निघाला. “मीठ कमी करा काका, पुढच्या रविवारी परत बघते.”

मीठ कमी केलं. पण फार नाही.

२ एप्रिल

मुलाचा फोन. फॉर्म कुठे आहे म्हणाला. म्हटलं, पाकिटात घातलाय, पत्ता लिहिलाय, तिकीट लावलंय, उद्या टाकतो. मग विचारलं, घर गेलं की मी तिकडे कधी येऊ. तो म्हणाला, “या ना बाबा, या. फक्त आत्ता मुलांच्या परीक्षा आहेत, मग बघू.” बरोबर आहे. परीक्षा म्हणजे घरात किती ताण असतो.

११ एप्रिल

पाकीट टाकायचं राहिलं. पेटी कोपऱ्यावरच आहे पण गुडघा फार दुखत होता.

बेकरीतली बिस्किटं मात्र चांगली मिळाली. बेकरी पार त्या चौकात आहे, जाऊन यायला पाऊण तास लागला.

२० एप्रिल

मी नसताना ते येऊन गेले. आलो तर भिंतीवर पेन्सिलच्या खुणा आणि टेबलावर चिठ्ठी. “काका, तुम्हाला उठबस नको म्हणून आमच्याच किल्लीने आलो. मोरीची मापं राहिली होती. रक्तदाब पुढच्या वेळी बघू.”

समजूतदार माणसं आहेत. मी बिस्किटंच आणायला गेलो होतो.

४ मे

आज मी घरातच होतो, आतल्या खोलीत आडवा. बाराच्या सुमाराला किल्ली फिरल्याचा आवाज आला. माझ्या हातची किल्ली असल्याने आवाज कसला, नुसती लोण्यात सुरी. दोघं कुजबुजत होते. “झोपलेत वाटतं. हळू.” मी चपला शोधेपर्यंत त्यांनी बाल्कनी मोजली, दार अलगद ओढलं आणि गेले. त्याच्या बुटांचा आवाज जिन्यातसुद्धा आला नाही, बूट हातात घेऊन उतरला असणार.

मागचा रविवारही असाच गेला. तीन आठवडे रक्तदाब बघितलेला नाही. याबद्दल माझी तक्रार नाही. त्यांना त्यांची कामं आहेत.

६ मे

मुख्य दाराचं कुलूप बदललं. किल्ली फिरली की आत उचलल्या जाणाऱ्या पट्ट्या, म्हणजे लिव्हर झिजले होते. जुनं कुलूप तेल लावून, कापडात गुंडाळून खणात ठेवलं. किल्ल्यांच्या वहीत नोंद केली.

नवी किल्ली त्यांच्यासाठी घासायची आहे. आले की समोर बसवून घासून देईन. तोवर बेल आहेच.

११ मे

अकरा वाजता पायऱ्यांवर पावलं ओळखली. मी हिच्या खुर्चीत बसलो होतो, दोन कप काढून ठेवले होते, तिच्यासाठी दूध.

किल्ली भोकात गेली आणि अडली. त्याने काढली, परत घातली. पाच-सहा वेळा. मी उठणारच होतो, पण म्हटलं, आता बेल वाजवतील. बेल दाराच्या उजव्या हाताला, डोळ्यांसमोर आहे. मग तिचा आवाज आला, “कुलूप बदललंय रे.” बेल वाजलीच नाही. त्यानंतर पावलं खाली गेली, या वेळी बूट चांगले वाजले.

दार उघडलं तेव्हा जिना रिकामा होता. खिडकीशी जाईपर्यंत रस्त्यावरही कोणी नव्हतं.

बेल बिघडली असेल म्हणून बाहेर जाऊन दाबून पाहिली. वाजते.

१४ मे

दलाल आला होता. बसलाच नाही. “काका, हे काय केलंत? मुलाची सही नाही, वर कुलूप बदललंत. त्यांना वाटतंय तुम्हाला दुसरं गिऱ्हाईक मिळालं.”

मी म्हटलं, कुलूप झिजलं होतं.

“मग फोन करून सांगायचं ना.”

त्याचं म्हणणं खोटं नाही. मी लगेच फोन केला, त्यांनी उचलला नाही. परत केला. मग मलाही राग आला. चाळीस वर्षं लोकांच्या तिजोऱ्या उघडून दिल्या, कधी आत डोकावलो नाही, आणि कालची पोरं मला लबाड समजतात. त्यांना गरज असेल तर येतील. दार काही कुठे जात नाही.

२ जून

आज पोलीस चौकीत सकाळी दहा ते संध्याकाळी सात.

घरी दोन शिपाई आले. कॉलनीतल्या सगळ्या खिडक्या एकदम उघडल्या. माझ्यावर फसवणुकीचा गुन्हा आहे. घर विकायचं नसताना विसार घेतला, मुदत टाळली, कुलूप बदलून घेणाऱ्यांना बाहेर ठेवलं. खाली टेपवाल्याची सही, तिच्याखाली सिस्टरची. तिचं अक्षर चिठ्ठीवरून ओळखलं.

साहेब तरुण आहेत, आवाज चढवला नाही. “आजोबा, सुरुवातीपासूनच विकायचं नव्हतं, खरं ना?”

मी म्हटलं, विकायचं होतं.

“मग मुलाची सही का नाही आणली?”

“गुडघा.”

“कुलूप का बदललं?”

“लिव्हर झिजले होते.”

त्यांनी ते लिहून घेतलं. मग बोटांचे ठसे घेतले. शाई लावणारा हवालदार मला ओळखत होता, चौकीच्या लोखंडी कपाटाची किल्ली हरवली तेव्हा मीच उघडून दिलं होतं. तो सगळा वेळ माझ्या बोटांकडेच बघत राहिला. माझ्या खणातलं जुनं कुलूप आणि त्यांच्याकडची तिसरी किल्ली, दोन्ही पिशव्यांत घालून लाखेने बंद केली. संध्याकाळी जामीन झाला. जामिनाचं वकीलबाईंनी बघितलं. त्यांची हरवलेल्या किल्लीची बॅग मी एकदा न फोडता उघडून दिली होती, त्यांनी ते लक्षात ठेवलं. माणसांना कुलपं लक्षात राहतात.

बाकावर माझ्या शेजारी सायकल चोरलेला एक माणूस होता. “तुम्ही काय केलं?” त्याने विचारलं. मी सांगितलं. तो म्हणाला, “घर विकलं नाही म्हणून पोलीस? हे नवीनच.” अख्ख्या चौकीत मुद्द्याचं तेवढंच कोणीतरी बोललं.

५ जून

वकीलबाईंनी समजावून सांगितलं. करार पाळला नाही, तर दिवाणी दावा लावायचा. कोर्ट खरेदीखत करून देतं, नाहीतर भरपाई. त्यात पोलिसांचं काम नाही. पण दिवाणीला वर्षं लागतात, म्हणून दलालाने त्यांना शिकवलं, फौजदारी करा, म्हातारा आठ दिवसांत सरळ येतो.

“त्यांना मूल होणार आहे ना हो काका? घाबरली असतील.”

मी पिशवीतून किल्ल्यांची वही काढली.

“फसवणूक म्हणायला शब्द देताना, त्या दिवशीच तुमच्या मनात खोट असायला हवी. नंतर मन बदललं, उशीर केला, चूक केली, तो गुन्हा नाही. तेव्हा प्रश्न एकच. चार मार्चला तुमच्या मनात काय होतं?”

मी किल्ल्यांची वही पुढे केली. त्यांनी चार मार्चची ओळ दोनदा वाचली. “फसवणारा माणूस विसार घेतल्या दिवशी किल्ली घासून देत नाही. ही ओळ तुम्हाला सोडवेल.” मग चष्म्यावरून माझ्याकडे बघितलं. “पण सहा मेची ओळ अडकवेल. कुलूप का बदललं?”

मी लिव्हरचं सांगितलं. त्यांनी पेनचं टोपण लावलं आणि म्हणाल्या, बरं.

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. मी शहाणा नाही हे आता सरकारी कागदावर आहे.

१२ जून

खाली रस्त्याकडेला मी अजून मशीन लावून बसतो, सकाळचे दोन तास. या आठवड्यात एकही किल्ली आली नाही. समोरच्या दुकानदाराने शटरची किल्ली दोन गल्ल्या पलीकडे घासून आणली. माझ्यासमोरून जाताना हात खिशात घातला. मला समजतं. फसवणुकीचा गुन्हा असलेल्या माणसाच्या हातात घराची किल्ली कोण देईल? मीही दिली नसती. नाव गेलं तर माझ्या मशीनला भंगाराचा भाव.

मुलाचा फोन. “बाबा, मी येऊ का?” नको म्हटलं, उगाच रजा कशाला. तो लगेच बरं म्हणाला. मग म्हणाला, “पण फॉर्म आलाच नाही हो मला.”

पाकीट घड्याळामागे होतं. आज टाकलं. घरापासून पेटीपर्यंत चाळीस पावलं आहेत, मोजली. गुडघा दुखला नाही.

२४ जुलै

कुलूप तपासणाऱ्याचा अहवाल आला. तपासणारा माझ्याच हाताखाली शिकलेला. त्याने लिहिलं आहे: लिव्हर उत्तम स्थितीत, झीज नाही, आणखी वीस वर्षं सहज चालेल.

बरोबर लिहिलं त्याने. मीच शिकवलं होतं, कुलपाबद्दल खोटं बोलायचं नाही.

२९ जुलै

वकीलबाईंनी बोलावलं. अहवाल माझ्यापुढे ठेवला. “वैद्य आणि वकील, दोघांपुढे लपवलं की रोगी मरतो काका. मला वरच्या कोर्टात हा गुन्हा रद्द करून घ्यायचा आहे. समोरचे म्हणणार, कुलूप चांगलं असताना बदललं, म्हणजे मनात काळंबेरं. मी काय सांगू?”

त्यांच्या खोलीत पंखा फार आवाज करतो. मी तो ऐकत बसलो. एक पक्षकार डोकावला, त्याला वकीलबाईंनी हातानेच थांबवलं.

मी म्हटलं, “सांगण्यासारखं नाही.”

“म्हणजे दुसरं गिऱ्हाईक होतं?”

“छे.”

“मग घर द्यायचं नव्हतं?”

“द्यायचं होतं. आजही द्यायचं आहे.”

“मग?”

मग मी सांगितलं. एक वाक्य होतं, सांगायला पाव मिनिट लागलं असेल. वकीलबाईंनी लिहून घेतलं नाही. त्यांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. म्हणाल्या, “हे प्रतिज्ञापत्रात लिहावं लागेल. कोर्टात वाचलं जाईल, त्यांच्यासमोर.”

मी उद्या सांगतो म्हणालो.

३० जुलै

ते वाक्य इथे लिहायला बसलो होतो. सहा मेला याच वहीत मी लिव्हर झिजले लिहिलं. ही वही कोणी वाचणार नव्हतं, मग कोणाला फसवत होतो? पोलीस चुकीच्या जागी शोधत होते, एवढंच.

वकीलबाईंना फोन करून सांगितलं, लिहा.

१९ ऑगस्ट

बेकरीवाल्याकडून कळलं, सिस्टरला मुलगी झाली. दहा दिवस झाले. त्याच खोलीत आहेत.

मी दिवसभर तोच विचार करत राहिलो, की पाळणा कुठे ठेवला असेल. दार बाहेरच्या बाजूला उघडणारं असतं तर जमलं असतं. बिजागऱ्या उलट बसवता येतात, अर्ध्या तासाचं काम आहे. मी केलं असतं. पण त्याआधी मी पाकीट टाकलं असतं, तर ते काम करायलाच लागलं नसतं. माझी चाळीस पावलं त्या पोरीला महागात पडली. हे कोर्टात कोणी विचारणार नाही म्हणून इथे लिहून ठेवतो.

११ सप्टेंबर

वरच्या कोर्टात तारीख होती. मोठं दालन, उंच छत, खालच्या बाजूला आम्ही. ते दोघं पलीकडच्या बाकावर. सिस्टर बाळाला आपल्या आईकडे ठेवून आली असावी, पण हात सारखे मांडीवर हलत होते.

त्यांच्या वकिलाने कुलपावरच बोट ठेवलं. “चांगलं कुलूप रातोरात का बदललं? याचं उत्तर द्यावं.” रातोरात नाही, सकाळी दहाला बदललं होतं.

न्यायमूर्ती वयस्कर आहेत. त्यांनी वकीलबाईंना विचारलं, याचा खुलासा आहे का? वकीलबाईंनी प्रतिज्ञापत्राचं सातवं कलम वाचलं. सावकाश, प्रत्येक शब्द वेगळा:

“घेणारे दर रविवारी बेल वाजवून येत व माझ्याजवळ बसत. पुढे ते स्वतःच्या किल्लीने, मला न भेटता, येऊन जाऊ लागले. त्यांनी पुन्हा बेल वाजवावी, एवढ्यासाठी मी कुलूप बदललं. मुलाच्या सहीचं पाकीटही मी त्याच कारणाने टाकलं नाही. घर विकलं गेल्यावर त्यांना येण्याचं कारण उरलं नसतं.”

माझ्यामागे कोणीतरी खोकलं. मी बाकाच्या कडेला बसवलेल्या पितळी पट्टीचे स्क्रू मोजले. सहा होते, एक सैल.

न्यायमूर्तींनी किल्ल्यांच्या वहीचं पान उघडलं. मग म्हणाले, विसार घेतल्या दिवशी या माणसाने स्वतःच्या हाताने किल्ली घासून दिली, त्याची नोंद आहे, तेव्हा त्या दिवशी फसवायचा हेतू होता असं म्हणता येत नाही. करार मोडणं आणि फसवणूक एक नव्हे. दिवाणी दाव्याची रांग लांब आहे म्हणून पोलिसांच्या दारातून आत शिरायचं, हे चालणार नाही. चौकीनेही आधी विचार करायला हवा होता. मग माझ्याकडे वळले. “आणि तुम्ही. शब्द पाळायला उशीर केलात. त्याची नुकसानभरपाई हे लोक दिवाणी कोर्टात मागू शकतात.” मी उभा राहून हो म्हटलं. गुन्हा रद्द झाला.

बाहेर जिन्यात ते दोघं आमच्या पुढे होते. सिस्टर एका पायरीवर थांबली. तिने मागे वळून पाहिलं नाही. मग टेपवाल्याने तिच्या कोपराला हात लावला आणि ते उतरले.

सुटलो. वकीलबाई म्हणाल्या, आज गोड खा. घरी येऊन भात खाल्ला, मीठ घालून.

३ ऑक्टोबर

दाव्याची गरज पडली नाही. मुलाची सही आली होती, मीच वकीलबाईंकडून निरोप धाडला, तारीख सांगा. उशिराबद्दल त्यांच्या खोलीचं जून ते ऑक्टोबर अशा पाच महिन्यांचं भाडं मी ठरल्या रकमेतून कमी केलं. टेपवाला नको म्हणाला. मी म्हटलं, न्यायमूर्तींनी सांगितलंय.

आज खरेदीखत झालं. नोंदणीच्या कचेरीत अंगठा द्यायचा होता. कारकून म्हणाला, “काका, आधी दिलेत का कुठे ठसे?” मी म्हटलं, सरावाला दिले होते. टेपवाला हसला आणि लगेच गप्प झाला. दिवसातलं तेवढंच हसणं.

नव्या कुलपाच्या चारही किल्ल्या टेबलावर ठेवल्या. त्याने मोजून घेतल्या. सिस्टर बाळाला घेऊन उभी होती. बाळाचे डोळे मिटलेले होते, मूठ तिच्या पदरात. ती म्हणाली, “काका, आम्हाला वाटायचं, तुम्हाला आमचा त्रास होतो. दर रविवारी तुम्ही चहा करता, बिस्किटं आणता, गुडघा दुखत असताना. म्हणून आम्ही गुपचूप यायचो.”

मी म्हटलं, “असू दे.”

“तुम्ही बोलायचं होतं.”

“तुम्ही बेल वाजवायची होती.”

दोघंही खरंच बोललो होतो. निघताना ती म्हणाली, या कधीतरी. असं म्हणायची पद्धत आहे, तशी म्हणाली. की तशी नाही, मला ठरवता आलं नाही.

८ ऑक्टोबर

मुलाचा फोन. पाहुण्यांची खोली सध्या नातवाच्या अभ्यासाला दिली आहे. पुढच्या वर्षी बघू म्हणाला. बरोबर आहे, अभ्यास महत्त्वाचा. मी बेकरीच्या चौकात तळमजल्यावर एक खोली भाड्याने घेतली. जिना नाही. हिची खुर्ची मावली. ती मी घरासोबत दिली नव्हती, करारात तसं लिहिलं होतं. डाव्या पायाखाली पुठ्ठा ठेवावा का, विचार केला. राहू दिला तसाच.

समोरचा दुकानदार शटरची किल्ली घेऊन आला. पहिलीच. “दोन गल्ल्या पलीकडे घासली ती अडते हो.” मी घासून दिली, वहीत लिहिली.

१४ ऑक्टोबर

चौकीतून निरोप होता, जप्त सामान घेऊन जा. गेलो तर सिस्टर आधीच तिथे, बाळ खांद्यावर. हवालदार तोच, शाईवाला. त्याने लाख फोडली, कुलूप माझ्यापुढे ठेवलं, किल्ली तिच्यापुढे. ज्याच्याकडून घेतलं त्याला परत, असा नियम आहे. दोघांनी दोन वेगळ्या पावत्यांवर सह्या केल्या.

हवालदाराने किल्ली हातात घेऊन बघितली. “सुबक आहे. ही कशाला लागते?”

सिस्टर म्हणाली, “आता कशालाच नाही.”

मला वाटलं, ती तिथेच ठेवून जाईल. तिने किल्ली पर्समध्ये टाकली, चेन लावली. बाळाची टोपी सारखी केली. “रक्तदाब बघता ना कोणाकडून?” मी बघतो म्हटलं. मग ती घाईने गेली, बाळाची पाजायची वेळ झाली होती.

१९ ऑक्टोबर

रविवार. खोलीच्या दाराला मालकाने दिलेलं कुलूप हलकं होतं, पिनेनेही उघडेल असं. काढून टाकलं. नवीन घेण्यापेक्षा जुनं बरं, म्हणून माझंच जुनं बसवलं. दाराची चौकट थोडी तासावी लागली. सगळं बसल्यावर किल्ली फिरवून पाहिली, अजून आवाज येत नाही. लिव्हर झिजलेले नाहीत. कधीच नव्हते.

कोणाला सांगितलेलं नाही. सांगायला हवं, एवढं या वर्षात शिकलो आहे. पाकिटावर सिस्टरचा पत्ता लिहिला आहे, म्हणजे माझाच जुना पत्ता, हात आपोआप चालला. आत एकच ओळ. पेटी इथून बारा पावलांवर आहे. उद्या टाकतो.

किल्ल्यांच्या वहीत मात्र आजच लिहिलं, नियम तो नियम:

खोलीचं दार. किल्ल्या तीन. पहिली माझी. दुसरी हिची, खिळ्यावर. तिसरी बाहेर आहे.